बोअरच्या पाण्यावर गॅस गिझर : दर्यापूरकडच्या वाचकाला उत्तर

भाऊ, तुमची तक्रार अशी : बोअरच्या पाण्यावर सहा लिटरचा गॅस गिझर बाथरूममध्ये बसवला, आठ महिन्यांत पेटेनासा झाला, मिस्त्री म्हणतो कॉइल (पाणी तापवणारी आतली नळी) गेली. आणि ‘विहिरीच्या पाण्यावर इन्स्टंट गिझर चालतो’ असं लिहून आम्ही लोकांचे पैसे बुडवतो. राग रास्त आहे. पण सगळा दोष पाण्यावर टाकून मोकळं झालं, तर नवा गिझरही त्याच वाटेनं जाईल.

कॉइलचे पैसे देण्याआधी नळ पूर्ण सोडा आणि कान द्या. ठिणगीची टकटक ऐकू येते पण पेटत नाही, तर रेग्युलेटर आणि गॅसची नळी बघा. टकटकच नसेल तर आधी सेल बदला. तरीही आवाज नाही, म्हणजे बहुतेक पाण्याचा दाब कमी पडतो. गिझरच्या पाटीवर किमान दाब लिहिलेला असतो, 0.02 मेगापास्कल असेल तर टाकीतलं पाणी गिझरपेक्षा निदान 2 मीटर उंच हवं. स्लॅबवर नुसती टेकवलेली टाकी जेमतेम दीड मीटर देते, त्यातलं बरंच अर्ध्या इंची पाइपात आणि एल्बोंमध्ये जिरतं. टाकीखाली दीड मीटरचा लोखंडी स्टँड आणि गिझरपर्यंत एक इंची लाइन, एवढ्यानं हा प्रश्न मिटतो. मोटरची लाइन मात्र थेट गिझरला जोडू नका. रेती सरळ आत जाते.

मग इनलेटची जाळी काढून धुवा, आणि वॉटर व्हॉल्व्हमधला रबरी डायफ्राम कडक झाला का ते पाहा. हा पार्ट कॉइलपेक्षा कितीतरी स्वस्त आहे.

कॉइल तुंबली की नाही, हे बादली सांगते. गिझरआधीच्या नळानं 15 लिटरची बादली 4 मिनिटांत आणि गिझरमधून 7 मिनिटांत भरत असेल, तर आत क्षार बसलाय. तो निघतो. गॅस बंद करा, सेल काढा, दोन्ही नळ्या सोडवा. 5 लिटर कोमट पाण्यात 250 ग्रॅम लिंबूसत विरघळवा. हिवाळ्यात कूलरचा पंप रिकामाच असतो, तो बादलीत सोडून द्रावण कॉइलमधून तासभर फिरवा. पंपाचा जोर कमी, म्हणून बादली स्टुलावर गिझरच्या जवळपास उंचीला ठेवा. पंप चालू असताना पाण्यात हात नको. बुडबुडे थांबले की साध्या पाण्याच्या तीन बादल्या सोडा. संडास धुवायचं ॲसिड मिस्त्री सर्रास ओततात, तेवढं करू देऊ नका. ते पितळी जोड खातं. पुढे आंच कमी आणि पाणी जास्त ठेवा, कारण पाणी जितकं तापतं तितका चुना झपाट्यानं बसतो.

आता जिथं तुमचं खरं आहे ते. दर्यापूर खारपाणपट्ट्यात येतं. वणी-कोरपन्याकडच्या चुनखडीच्या भागातला जडपणा लिंबूसतानं आटोक्यात राहतो, पण तुमच्याकडे पाण्यात मीठही असतं. क्लोराइड धातू कुरतडतं, आणि कुरतडलेलं लिंबूसतानं भरून येत नाही. सॉफ्टनरही इथं उपाय नाही, कारण तो कॅल्शियम काढून सोडियम घालतो. टीडीएस, म्हणजे पाण्यात विरघळलेल्या क्षारांचं एकूण प्रमाण, जवळपास तेवढंच राहतं. खाऱ्या बोअरवर गिझर लावू नये, हे आमचंही स्पष्ट मत आहे. नळयोजनेचं गोडं पाणी येत असेल तर 200 लिटरची वेगळी टाकी करा आणि गिझर फक्त तिलाच जोडा. तेही नसेल, तर तोंड उघडून खरवडता येणारा तांब्याचा बंब बरा.

‘त्यापेक्षा तीन किलोवॅटचा इलेक्ट्रिक घ्यायला हवा होता’ असं तुम्ही म्हणता. खारं पाणी त्याच्याही एलिमेंटला सोडणार नाही. शिवाय 230 ऐवजी 170 व्होल्ट मिळाले तर त्याची ताकद 1.6 किलोवॅटवर येते, आणि पहाटेच्या गार पाण्याला ती पुरत नाही.

दुरुस्ती पुढं-मागं होईल, पण गिझर बाथरूममधून आधी हलवा. कार्बन मोनॉक्साइडला वास नसतो, दार लावून आंघोळ करणाऱ्याला भान जाईपर्यंत कळत नाही. बाहेरच्या भिंतीवर, सज्जाखाली गिझर लावा आणि आत फक्त गरम पाण्याची लाइन घ्या.