दुसऱ्या दिवशी लख्ख दिसतं, पण डोळा बरा झालेला नसतो : त्या फिरणाऱ्या मेसेजला उत्तर

गेले काही दिवस एक मेसेज सारखा फिरतोय, मला एकटीला तो तिघांनी पाठवला आणि त्यातल्या एकीचं ऑपरेशन चार दिवसांवर आलंय, म्हणून जरा सविस्तर लिहितेय. मेसेजमध्ये जे म्हटलंय ते थोडक्यात असं. चष्म्याचा नंबर घालवायचं लेझर ऑपरेशन काही मिनिटांचं असतं, टाके नसतात, दुसऱ्या दिवशी लख्ख दिसतं, म्हणजे डोळा बरा झाला. शील्ड (झोपताना डोळ्यावर लावायची प्लास्टिकची वाटी), गॉगल, पोहायला बंदी हे सगळं उगाच घाबरवण्यासाठी. ड्रॉप्समध्ये स्टेरॉईड असतं म्हणून दिसायला लागलं की ते लगेच बंद करा. डोळा लाल झाला, खुपलं तर आपोआप जातं. आणि नंबर गेला की डोळ्यांच्या डॉक्टरचा संबंध संपला.

ऑपरेशन थोड्या वेळाचं असतं हे खरंय, टाके नसतात हे खरंय, आणि लेसिक पद्धतीने केलेलं असेल तर बहुतेकांना दुसऱ्या दिवशी छान दिसतं हेही खरंय. घोळ आहे तो "म्हणजे डोळा बरा झाला" मधल्या त्या "म्हणजे"मध्ये. दिसायला लागणं वेगळं आणि जखम भरणं वेगळं. माझं स्वतःचं पीआरके (वरच्या पेशी काढून लेझर करायची दुसरी पद्धत) झालंय आणि माझ्या धाकट्या भावाचं लेसिक, दोघांचे पहिले काही आठवडे मी जवळून बघितलेत, त्यामुळे हा फरक मला कोणी पुस्तकातून शिकवायची गरज राहिलेली नाही.

आधी आत काय होतं ते बघू, त्याशिवाय पुढचं कळणार नाही. कॉर्निया म्हणजे डोळ्याचा समोरचा पारदर्शक पडदा, मध्यभागी साधारण अर्धा मिलिमीटर जाड. लेसिकमध्ये त्याचा वरचा पातळ थर, जाडी साधारण 100 ते 120 मायक्रॉन (मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग), बिजागरीसारखा एका बाजूला जोडलेला ठेवून उचलतात, त्याला फ्लॅप म्हणतात, मग खाली 193 नॅनोमीटर तरंगलांबीच्या एक्सायमर लेझरने कॉर्नियाचा आकार बदलतात आणि फ्लॅप परत जागेवर बसवतात. आकार बदलला की प्रकाश डोळ्याच्या मागच्या पडद्यावर नीट पडायला लागतो, म्हणून लगेच दिसतं. पण तो फ्लॅप सुरुवातीला नुसता चिकटून बसलेला असतो, कॉर्नियाच्या आतल्या पेशी पाणी बाहेर ओढत असतात त्या ओढीवर. कडेवरून वरच्या पेशींचा थर साधारण एका दिवसात सरकून फट बंद करतो, त्यानंतर कडेला हळूहळू व्रण धरतो. मधल्या भागात मात्र पूर्वीसारखी पकड कधीच येत नाही. दान केलेल्या, आधी लेसिक झालेल्या डोळ्यांवर 2005 साली मोजमाप प्रसिद्ध झालं होतं, त्यात जुन्या फ्लॅपच्या कडेची ताकद न कापलेल्या कॉर्नियाच्या 28 टक्क्यांच्या आसपास आणि मध्यभागाची जेमतेम 2.4 टक्के निघाली. दुसऱ्या दिवशी "बरा" झालेल्या डोळ्यात फार तर ती फट बंद झालेली असते, व्रण धरायचं काम अजून बाकीच असतं.

आता शील्ड. मेसेज म्हणतो झोपताना डोळ्यावर प्लास्टिकची वाटी लावून झोपायची काय गरज, आपण काय झोपेत डोळ्यात बोट घालतो का. हो, घालतो! झोपेत डोळा खाजवला की हात आपोआप जातो, उशीवर पालथं झोपलं की डोळा दाबला जातो, शेजारी लहान मूल असेल तर त्याचा हात लागतो, आणि ऑपरेशननंतर डोळा कोरडा आणि खाजरा असतो म्हणजे चोळायची इच्छा नेहमीपेक्षा जास्त. चोळल्याने फ्लॅप सरकू शकतो किंवा त्याला चुण्या पडू शकतात. सरकला तर अचानक दुखतं, पाणी येतं, धूसर होतं. तसं झालंच तर डोळा मिटा, चोळू नका, धुवू नका, शील्ड लावा आणि त्याच दिवशी, रात्र असली तर रात्री, सर्जनकडे जा. लवकर गेलं तर फ्लॅप उचलून नीट बसवता येतो, उशीर केला तर चुण्या पक्क्या होतात आणि वरच्या पेशी फ्लॅपच्या खाली वाढायला लागतात, मग काम अवघड होतं. माझ्या भावाला पहिल्या रात्री शील्ड टोचतंय म्हणून काढायचं होतं, आई त्याच्या उशाशी बसून राहिली होती, त्यावेळी मला ते जास्त वाटलं होतं, आता वाटत नाही.

शील्ड किती रात्री लावायचं हे सर्जन सांगतात, साधारण आठवडाभर सांगितलं जातं. चोळायचं मात्र कायमचंच सोडा. जोरात डोळे चोळायची सवय कॉर्नियाला तशीही वाईट, आणि लेझरने तो आधीच पातळ केलेला असतो. आणि मार लागून फ्लॅप सरकणं दुर्मिळ असलं तरी ऑपरेशननंतर दहा वर्षांहून जास्त काळाने तसं झाल्याच्या केसेस वैद्यकीय नियतकालिकांत नोंदलेल्या आहेत. म्हणून बॉक्सिंग, कराटे असले खेळ असतील तर अमेरिकेच्या एफडीएच्या (औषधं आणि वैद्यकीय उपकरणांवर देखरेख ठेवणारी तिथली सरकारी संस्था) सल्ल्यात किमान चार आठवडे थांबायला सांगितलंय, आणि त्यानंतर सुद्धा चेंडू-बोटं डोळ्यावर येणाऱ्या खेळात पॉलीकार्बोनेटचा संरक्षक चष्मा घाला असं मी म्हणेन. ज्यांना अशीच नोकरी किंवा खेळ आहे त्यांनी फ्लॅप नसलेल्या पद्धतींबद्दल ऑपरेशनच्या आधीच विचारावं, पीआरकेमध्ये फ्लॅप नसतोच आणि स्माईल नावाच्या लेझर पद्धतीत फ्लॅपऐवजी साधारण दोन ते चार मिलिमीटरचा छोटा छेद असतो.

पाण्याचा मुद्दा. "पाण्याने डोळे स्वच्छ होतात, मग भीती कसली." नळाचं पाणी पिण्यालायक असलं तरी निर्जंतुक नसतं. त्यात अकॅन्थअमीबा नावाचा सूक्ष्मजीव असू शकतो, क्षयरोगाच्या जंतूच्या कुळातले काही जंतू असू शकतात, धड कॉर्नियावर ते सहसा काही करू शकत नाहीत पण कडेची फट, कोरडेपणामुळे सोललेल्या पेशी यांतून आत शिरले तर फ्लॅपच्या खाली बसतात जिथे ड्रॉप्स नीट पोचत नाहीत. असलं इन्फेक्शन कधीकधी दोन-तीन आठवड्यांनी डोकं वर काढतं, म्हणजे माणूस अगदी निर्धास्त झाल्यावर. त्यामुळे पहिले काही दिवस डोळ्यात पाणी मारायचं नाही, चेहरा ओल्या स्वच्छ कापडाने डोळ्यांभोवतीचा भाग सोडून पुसायचा, केस मागे डोकं करून दुसऱ्याकडून धुवून घ्यायचे. पोहणं आणि गरम पाण्याचे टब यासाठी एफडीए एक ते दोन महिने थांबा म्हणते. तुमचे सर्जन कमी-जास्त सांगतील, त्यांचं ऐका, पण "दुसऱ्या दिवशी" असं कोणीही सांगणार नाही. डोळ्यांच्या मेकअपचंही तसंच, दोन आठवडे नाही, आणि नंतर जुना मस्कारा वापरू नका, नवीन घ्या.

आता स्टेरॉईडचा मुद्दा, आणि मला सगळ्यात जास्त काळजी याचीच वाटते कारण स्टेरॉईड हा शब्द ऐकला की लोक आधीच घाबरतात आणि मेसेजने त्या भीतीला खतपाणी घातलंय.

लेसिकनंतर पहिल्या काही दिवसांत फ्लॅपच्या खाली जंतूंशिवायच सूज येऊ शकते, डीएलके म्हणतात तिला. त्यात डोळा बाहेरून पांढराशुभ्र दिसू शकतो, फारसं दुखतही नाही, फक्त थोडं धुरकट. यंत्राखाली बघितल्याशिवाय कळत नाही, म्हणून तर दुसऱ्या दिवशीची तपासणी असते. ती सूज आटोक्यात ठेवायचं काम हेच ड्रॉप्स करतात, सूज वाढली तर तासातासाला घालायला लावतात, वेळप्रसंगी फ्लॅप उचलून खालची जागा धुवावी लागते. दुर्लक्ष झालं तर कॉर्नियावर डाग राहू शकतो. म्हणजे मेसेज वाचून तिसऱ्या दिवशी ज्याने ड्रॉप्स बंद केले त्याने नेमकं नको तेव्हा बंद केले. पीआरकेमध्ये तर स्टेरॉईड आणखी लांब चालतं, हळूहळू कमी करत, कारण तिथे कॉर्नियावर धूसर पापुद्रा धरू नये म्हणून ते असतं.

पण याची दुसरी बाजूही खरी आहे. स्टेरॉईडने काही लोकांच्या डोळ्यातलं प्रेशर वाढतं, बहुधा दोन-तीन आठवडे वापरल्यावर, आणि ते दुखत नाही. वर पुन्हा लेझरनंतर कॉर्निया पातळ झालेला असल्यामुळे यंत्रावर प्रेशर खऱ्यापेक्षा कमी दिसतं, म्हणजे मोजणाऱ्याला ऑपरेशन झालंय हे माहीत पाहिजे. त्यामुळे ड्रॉप्स आपल्या मनाने बंद करू नका तसेच "बाटली उरलीय" म्हणून आपल्या मनाने चालूही ठेवू नका. उतरत्या क्रमाचा कागद दिलेला असतो, तो भिंतीवर लावा. मी फोनमध्ये अलार्म लावले होते आणि प्रत्येक वेळी कागदावर खूण करत होते, दिवसातून चार वेळा एक आणि सहा वेळा दुसरं असलं की दुपारपर्यंत गोंधळ होतोच.

ड्रॉप घालायची पद्धत पण सांगते कारण ती नीट कोणी सांगत नाही. एका थेंबापेक्षा डोळ्यात मुळातच कमी मावतं, म्हणून दोन घातले तर दुसरा गालावर. दोन वेगळी औषधं असतील तर मध्ये पाच मिनिटं जाऊ द्या, नाहीतर दुसरं पहिल्याला धुवून टाकतं. हात धुवा, बाटलीचं टोक पापणीला लावू नका, थेंब गेला की डोळा अलगद मिटून ठेवा, घट्ट आवळू नका. आणि लाली घालवणारे म्हणून दुकानात मिळतात ते ड्रॉप्स नको, ते रक्तवाहिन्या आवळतात, बाकी काही बरं करत नाहीत.

"खुपणं आपोआप जातं." काही अंशी बरोबर. कोरडेपणा बहुतेकांना येतो कारण फ्लॅप करताना कॉर्नियाच्या बारीक नसा कापल्या जातात, डोळ्याला कोरडं पडल्याचा निरोपच नीट जात नाही, पापणी कमी लवते. त्या नसा परत वाढायला सहा महिने ते वर्ष लागू शकतं. तोपर्यंत प्रिझर्वेटिव्ह नसलेले अश्रूंसारखे ड्रॉप्स वापरायचे, खुपायची वाट न बघता. स्क्रीनचं इतकंच की बघताना पापण्या लवणं निम्म्याहून कमी होतं, म्हणून मध्ये मध्ये थांबून पूर्ण डोळे मिटायचे. इथे उलट्या बाजूची भीतीही खोटी आहे हे सांगायला पाहिजे, मोबाईलच्या उजेडाने नंबर परत येत नाही, आणि रडल्याने फ्लॅप वाहून जात नाही, फक्त रडताना डोळे चोळू नका.

लाल डाग पण बहुतेकदा निरुपद्रवी, ऑपरेशनच्या वेळी डोळा धरायची रिंग दाबते त्याने पांढऱ्या भागात रक्त साकळतं, दिसायला भयंकर असतं पण दोन-तीन आठवड्यांत जातं. पण दुखणं कमी होण्याऐवजी वाढतंय, आधी चांगलं दिसत होतं ते आता धूसर होतंय, उजेड सहन होईनासा झालाय, चिकट घाण येतेय, लाली पसरतेय, डोळ्याला काही लागलंय, यातलं एक जरी झालं तरी फोन करायचा, पुढच्या अपॉइंटमेंटची वाट बघायची नाही.

गॉगल. उजेड खुपतो म्हणून तर घालायचाच, वारा-धूळ अडते तेही आहेच, पण पीआरकेवाल्यांनी यात अजिबात हयगय करू नका. तिथे वरच्या पेशी काढलेल्या असतात, साधारण तीन ते पाच दिवस मलमपट्टीसारखी कॉन्टॅक्ट लेन्स असते (ती पडली तर परत बसवू नका, फोन करा), आणि पुढचे काही महिने अतिनील किरणांनी तो धूसर पापुद्रा वाढायचा धोका असतो. नुसती काळी काच उपयोगाची नाही, यूव्ही 400 लिहिलेली पाहिजे, काळ्या काचेमागे बाहुली मोठी होते आणि काच किरण अडवत नसेल तर उलट जास्त आत जातात. आणि पीआरकेवाल्यांनी "दुसऱ्या दिवशी लख्ख" वाचून घाबरू नये, मला स्वतःला नीट वाचता यायला आठवडे लागले, त्यात चूक कोणाचीच नव्हती, ती पद्धतच तशी आहे.

राहिला शेवटचा मुद्दा, डॉक्टरचा संबंध संपला. पहिली तपासणी 24 ते 48 तासांत आणि मग किमान सहा महिने ठरावीक अंतराने, कारण नजर स्थिर व्हायलाच तीन ते सहा महिने जाऊ शकतात, रात्रीच्या दिव्यांभोवतीची वलयंही तेवढ्यात हळूहळू कमी होतात, तोपर्यंत रात्री गाडी चालवायची घाई नको. पण त्यापुढचंही सांगते. लेझरने कॉर्नियाचा आकार बदलतो, डोळ्याची लांबी बदलत नाही. मोठा मायनस नंबर होता त्यांचा डोळा आतून अजून तसाच लांब आहे, त्याचा मागचा पडदा तसाच ताणलेला आहे आणि तो सुटायचा धोका तसाच आहे. अचानक काळे ठिपके, चमका, कडेने पडदा आल्यासारखं वाटलं तर "माझा तर नंबर गेलाय" म्हणून थांबू नका, आणि बाहुली मोठी करून होणारी तपासणी दरवर्षी करून घ्या.

आणि ऑपरेशनच्या आधीची मोजमापं, जुना नंबर, कॉर्नियाची जाडी आणि वक्रता लिहिलेला कागद मागून घ्या. पुढे कधी मोतीबिंदू झाला तर डोळ्यात बसवायच्या लेन्सचा नंबर काढताना लेझर झालेल्या डोळ्याचं गणित चुकू शकतं, तेव्हा हा कागद कामाला येतो. भावाचा घर बदलताना हरवला होता, मागून परत घ्यावा लागला, आता आम्ही दोघांनी फोटो काढून एकमेकांना पाठवून ठेवलेत.