कर लावू नका, काढा

राजकारणात उतरताय? मग एक पथ्य पाळा. कर लावायच्या भानगडीत स्वतः पडू नका. ते विरोधकांना करू द्या, तुम्ही तो काढायला तेवढे हजर राहा.

विश्वास बसत नसेल तर एलबीटी, म्हणजे स्थानिक संस्था कर, आठवा. त्याआधी शहरात येणाऱ्या मालावर महापालिकेची जकात होती. नाक्यावर ट्रकांच्या रांगा, चिरीमिरी. ही जकात घालवा म्हणून व्यापाऱ्यांनी वर्षानुवर्षं घसा कोरडा केला. पृथ्वीराज चव्हाणांच्या सरकारने १ एप्रिल २०१३ पासून पुणे, ठाणे, नागपूरसारख्या शहरांत ती खरोखरच घालवली आणि हा एलबीटी आणला. नाका नाही, रांग नाही. दुकानदाराने खरेदीचा हिशेब ठेवायचा आणि कर आपणहून भरायचा. इथेच तर घोड्याने पेंड खाल्ली! नाक्यावर हात पसरणारा परवडतो हो, वही मागणारा नाही परवडत. शटर खाली आली, मोर्चे निघाले, ‘इन्स्पेक्टर राज’च्या नावाने बोटं मोडली गेली. जिला काल शिव्या घातल्या त्या जकातीच्या आठवणीने कित्येकांना गहिवरून आलं.

अशा वेळी तुम्ही अर्धवट खाली ओढलेल्या शटरखालून वाकून आत जायचं. (आत ओळखीच्या गिऱ्हाइकासाठी साखर मोजणं चालूच असतं, तिकडे बघायचं नाही.) शेठजींच्या शेजारी बसायचं, चहा घ्यायचा आणि ‘आमचं सरकार येऊ द्या’ एवढंच म्हणायचं. मग महापालिका पैसे कुठून आणणार, असं कुणी विचारलंच तर दुसरा चहा सांगायचा.

२०१४ मध्ये सरकार गेलं. एकट्या एलबीटीने नव्हे, पण व्यापाऱ्यांच्या हातातल्या हारांना तोवर नवे गळे सापडले होते. नव्या सरकारने १ ऑगस्ट २०१५ पासून वर्षाला ५० कोटींपर्यंत उलाढाल असलेल्यांना कर माफ केला. म्हणजे जवळपास सगळ्यांनाच. दोन महिन्यांत पेट्रोल-डिझेलवर लिटरमागे २ रुपये चढले. दुष्काळासाठी हो, भलता संशय नको! पंपावर कुणी शटर ओढलं नाही. स्कूटरवाल्यांची संघटना नसते, हे वहीत लिहून ठेवा.

उरलासुरला एलबीटी आणि मुंबईची जकात २०१७ मध्ये जीएसटीने गिळली. आता महापालिका भरपाईच्या हप्त्यासाठी राज्य सरकारच्या तोंडाकडे बघतात. म्हणून सांगतो, नगरसेवकपदावर थांबू नका, मंत्रालय गाठा. आणि मध्येच घरपट्टी वाढवायची वेळ आली, तर निकालानंतरच्या पहिल्याच महिन्यात उरका, तीही आयुक्तांच्या सहीने.