'मॅडम, आमच्याकडे सगळं एन्क्रिप्टेड आहे'

लॅब काढताय? क्लासेस? पतसंस्था? सोसायटीच्या गेटवर येणाऱ्या-जाणाऱ्याचा फोटो काढून ठेवणारं अ‍ॅप? वा! म्हणजे आता तुमच्याकडे लोकांचे मोबाइल नंबर, आधार, पॅन, जन्मतारखा आणि रक्तातली साखर असं सगळं जमणार. मग कुणीतरी आगाऊ माणूस एक दिवस विचारणारच, की हे तुम्ही सांभाळता कसं? घाबरू नका. डेटाबेस सांभाळून केस पिकलेल्या बाईचा सल्ला आहे, फुकट घ्या.

आधी वेबसाइटवर निळ्या ढालीचं चित्र टाका आणि खाली लिहा 'मिलिटरी ग्रेड एन्क्रिप्शन', म्हणजे किल्लीशिवाय कुणाला वाचता येणार नाही असं माहितीला घातलेलं कुलूप. कुठल्या देशाची मिलिटरी, हे मला तरी अजून कुणी विचारलेलं ऐकिवात नाही.

मग माहिती मागा. मिळेल तेवढी मागा. साधं हिमोग्लोबिन तपासायला आलेल्या बाईकडून आधारची दोन्ही बाजूंची झेरॉक्स घ्या, नवऱ्याचं नाव घ्या, लग्नाचा वाढदिवसही घ्या. आधारची झेरॉक्स कुठेही देत सुटू नका, शेवटचे चारच आकडे दिसणारं मास्क्ड आधार द्या, असं मे 2022 मध्ये आधार देणाऱ्या यूआयडीएआयच्या बंगळुरू कार्यालयाने सांगून पाहिलं होतं. दोन दिवसांत केंद्राने ते पत्रक मागे घेतलं. लोक चुकीचा अर्थ काढतील म्हणे. तेव्हा तुम्ही बिनधास्त झेरॉक्स घ्या, आणि वर्षाअखेरीस गठ्ठा रद्दीत घाला.

लॉगिन एकच ठेवा. रिसेप्शनवरच्या मुलीपासून मालकाच्या मेहुण्यापर्यंत सगळ्यांना तेच. उद्या काही फुटलंच, तर कुणी फोडलं हे शोधायची कटकट नाही, कुणी काय उघडलं त्या नोंदवहीत, म्हणजे लॉगमध्ये, सगळीकडे 'ॲडमिन'च दिसेल.

नोकरी सोडून गेलेल्याचं लॉगिन बंद करू नका, त्याला वाईट वाटेल.

ग्राहकांचे पासवर्ड हॅश करा, म्हणजे पुन्हा मूळ शब्द काढता येणार नाही असा त्यांचा भुगा करा, आणि प्रत्येकाला वेगळं सॉल्ट, म्हणजे चिमूटभर वेगळी अक्षरं, घाला, असं काही शिकलेले लोक सांगतील. ऐकू नका, सरळ एन्क्रिप्ट करा. अ‍ॅडोबीने तेच केलं होतं. 2013 मध्ये या बड्या सॉफ्टवेअर कंपनीच्या सुमारे 15 कोटी नोंदी बाहेर आल्या, तेव्हा सगळ्यांचे पासवर्ड एकाच किल्लीने एन्क्रिप्ट केलेले निघाले, तेही अशा पद्धतीने की दोघांचा पासवर्ड सारखा असेल तर एन्क्रिप्ट झाल्यावरही सारखाच दिसेल. शिवाय पासवर्ड विसरल्यावर आठवायला दिलेला इशारा शेजारीच, उघड्या अक्षरांत. किल्ली कुणाला सापडायची गरजच पडली नाही. लोकांनी नुसते इशारे वाचून पासवर्ड ओळखले.

किल्लीवरून आठवलं. एन्क्रिप्शनची किल्ली त्याच सर्व्हरवर, त्याच फोल्डरमध्ये, कॉन्फिग फाइलीत ठेवावी. दाराला गोदरेजचं कुलूप आणि चावी तुळशीच्या कुंडीखाली, ही आपली परंपरा आहे. ती फाइल पोरं गिटहबवर, म्हणजे प्रोग्रॅम ठेवायच्या वेबसाइटवर, टाकतात, म्हणजे बॅकअपचाही प्रश्न मिटला.

आता मुख्य सल्ला: रिपोर्ट पेशंटला कसा पाठवावा.

एसएमएसने लिंक पाठवावी. लिंकच्या शेवटी रिपोर्टचा नंबर असावा. नंबर ओळीने असावेत. लॉगिन नाही, ओटीपी नाही, काही नाही. ज्येष्ठ नागरिकांना त्रास नको ना! परवा माझ्या आईला अशीच लिंक आली. तिने ती मला पाठवली, मी उघडली, आणि धंद्याची खोड म्हणून शेवटचा आकडा एकने कमी केला. दुसऱ्याच माणसाचा रिपोर्ट. पूर्ण नाव, वय, मोबाइल, डॉक्टरचं नाव आणि तपासणीचा निकाल. तपासणी कसली होती ते मी लिहिणार नाही. एवढंच सांगते, की माणूस घरीसुद्धा दहादा विचार करून सांगेल असली होती. मी पान बंद केलं आणि लॅबला फोन लावला.

"मॅडम, आमच्याकडे सगळं एन्क्रिप्टेड आहे. लिंकच्या आधी कुलूप दिसतंय ना?"

दिसतंय ना बाबा! ते कुलूप एवढंच सांगतं, की तुमच्या सर्व्हरपासून माझ्या फोनपर्यंत वाटेत कुणी वाचलं नाही. सर्व्हरने कुणाच्या हातात काय ठेवलं, याच्याशी त्याचा काडीचा संबंध नाही. परक्या माणसाचा रिपोर्ट अत्यंत सुरक्षितपणे माझ्या हातात पडला, एवढंच काय ते सिद्ध झालं. मग त्यांच्या 'टेक्निकल सरां'ना फोन जोडून दिला. ते म्हणाले, डेटाबेससुद्धा डिस्कवर एन्क्रिप्टेड आहे. असेल. कुणी सर्व्हरमधून डिस्क उपटून पळाला तर त्याला काही वाचता येणार नाही, हे खरं. पण डिस्क उपटायला कोण येतंय? वेबसाइटने डेटाबेसकडे अमुक नंबरची नोंद मागितली, की तो स्वतःच कुलूप काढून, डिक्रिप्ट करून, ताटात वाढून देतो. मागणारा कोण आणि ही नोंद त्याची आहे का, हे विचारणारी ओळ तुमच्या प्रोग्रॅममध्ये लिहिलेलीच नाही. ती डिस्कने लिहायची का?

यावर सर काय म्हणाले असतील? "पण तुम्ही दुसऱ्याचा रिपोर्ट उघडलातच कशाला? हा सायबर क्राइम आहे."

नवीन काही नाही यात. अमेरिकेत घरखरेदीच्या कागदपत्रांचं काम करणाऱ्या फर्स्ट अमेरिकन या बड्या कंपनीचे 88.5 कोटी दस्तऐवज 2019 मध्ये याच रीतीने उघडे सापडले. लिंकमधला आकडा बदलला की पुढच्या माणसाची बँक खाती समोर. आणि लांब कशाला, 2016 च्या डिसेंबरात मुंबईतल्याच एका पॅथॉलॉजी लॅबचे हजारो रिपोर्ट, एचआयव्हीचे धरून, इंटरनेटवर कुणालाही वाचता येतील असे पडलेले सापडले होते. तेव्हाही चार दिवस बातम्या आल्या. पुढे? पुढे आईची लिंक आली.

पण दाखवणाऱ्यालाच गुन्हेगार ठरवायची सरांची रीत सरकारमान्य आहे. जानेवारी 2018 मध्ये 'ट्रिब्यून' दैनिकाच्या महिला बातमीदाराने 500 रुपये मोजून आधारची माहिती दाखवणारं लॉगिन मिळवलं आणि तसं छापलं. यूआयडीएआयने डेटा फुटल्याचं नाकारलं आणि एफआयआरमध्ये बातमीदाराचंही नाव घातलं. मार्चमध्ये सर्वोच्च न्यायालयात सांगण्यात आलं, की हा डेटा 13 फूट उंच आणि 5 फूट जाड भिंतींच्या आत आहे. असेलही. 500 रुपयेवालीला भिंत चढायची नव्हती, ती दारातून आत गेली होती. तेव्हा भोक दाखवणाऱ्याचा आधी बंदोबस्त करा, भोक बुजवायचं नंतर बघता येईल.

कायद्याची भीती वाटते? डेटा संरक्षणाचा कायदा 2023 चा, नियम आले नोव्हेंबर 2025 मध्ये, आणि बहुतेक जबाबदाऱ्या लागू व्हायला त्यापुढे 18 महिने. दंड 250 कोटींपर्यंत आहे खरा, पण मुदत आहे ना! झोपा.

छे. नाही जमत मला हे आता.

त्या फोननंतर आईला फोन यायला लागले. "काकू, शुगर वाढलीय ना तुमची? आमची पावडर घ्या." नंबर कुठून मिळाला विचारलं तर "सिस्टिममधून". ती बिचारी घाबरून मला विचारते, यांना माझी शुगर कशी कळली गं? मी काय सांगू तिला?

अहो, तुम्हाला कुणी रॉकेट बांधायला सांगितलंय का? रिपोर्ट उघडायच्या आधी नोंदवलेल्या मोबाइलवर ओटीपी पाठवा. मागणारा तोच पेशंट आहे का, हे सर्व्हरवर तपासा, प्रत्येक वेळी. लिंकमध्ये ओळीचा नंबर न ठेवता अंदाज लागणार नाही अशी लांबलचक अक्षरं ठेवा, आणि काही दिवसांनी ती लिंक मरू द्या. रिसेप्शनला नाव आणि बिल दिसलं की पुरे, रिपोर्ट कशाला? प्रत्येकाला स्वतःचं लॉगिन द्या, कुणी कधी काय उघडलं याचा लॉग ठेवा, आणि महिन्यातून एकदा तो वाचा. बराचसा भाग एका बऱ्या प्रोग्रॅमरचं थोड्या दिवसांचं काम आहे. चौकातल्या त्या फ्लेक्सवर, ज्यावर मालक हात जोडून उभे आहेत, याहून जास्त खर्च केला असेल तुम्ही.

लोक तुमच्याकडे उपाशीपोटी, बाही वर करून, विश्वासाने येतात, आणि तुम्ही त्यांचं दुखणं ओळीने नंबर घालून रस्त्यावर मांडता. वर ढालीचं चित्र! लाज कशी वाटत नाही? आणि तो 'आमची सेवा कशी वाटली' विचारणारा मेसेज पाठवणं तरी बंद करा. आईने पाच स्टार देऊन टाकलेत तुम्हाला, सुई टोचणाऱ्या मुलाचा हात हलका होता म्हणून. ते त्या पोराचे आहेत, तुमचे नाहीत.