प्रेक्षकाला दोष देणं आता पुरे

"मराठी माणूसच मराठी बघत नाही, मग ओटीटीवाले पैसे कशाला घालतील?" दादा परवा फोनवर म्हणाला. वर, "तुम्ही तर देश सोडून गेलात, तुम्हाला काय त्याचं!" हे ऐकलं की माझं डोकं उठतं.

मी वेल्समध्ये, कार्डिफला राहते. २०२१च्या जनगणनेत इथली मूळ भाषा वेल्श बोलणारे ५ लाख ३८ हजार निघाले. २०११ला एकट्या कोल्हापूर शहराची लोकसंख्या याहून थोडी जास्तच होती. तरी १९८२पासून त्यांची स्वतःची वाहिनी आहे, एसफोरसी. आता ती फोनवर, बीबीसी आयप्लेअरवर, सगळीकडे दिसते. इथल्या एका पोलिसी मालिकेचा प्रत्येक प्रसंग वेल्शमध्ये आणि इंग्रजीत असा दोनदा चित्रित झाला. हे काही बाजाराने आपणहून दिलं नाही. थॅचर सरकारने वाहिनीचं आश्वासन मोडलं, तेव्हा लोकांनी टीव्ही बघण्यासाठीची सक्तीची लायसन्स फी भरायचं नाकारलं, काही तुरुंगात गेले. वेल्श राष्ट्रवादी नेते ग्विनवोर एव्हान्स यांनी आमरण उपोषण जाहीर केलं आणि १९८०च्या सप्टेंबरात सरकार नमलं. प्रेक्षक किती, हा प्रश्न त्यानंतरचा.

आपण काय केलं? २०१५ साली मल्टिप्लेक्समध्ये मराठी सिनेमाला प्राइम टाइम द्या म्हणून नियम केला. संध्याकाळी सहा ते नऊ म्हणता म्हणता तो दुपारी बारा ते रात्री नऊ झाला. पुढच्याच वर्षी नेटफ्लिक्स आलं, जिओ आलं आणि पडदा लोकांच्या खिशात गेला. त्या पडद्यावर मराठीला जागा मिळावी म्हणून कोण भांडलं? २०११च्या जनगणनेत आपण ८ कोटी ३० लाख होतो, आणि दोष मात्र तिकीट न काढणाऱ्याला!

माझी मुलगी शाळेतून वेल्श गाणी म्हणत येते. टीव्ही लावला की तीच भाषा तिच्याशी खेळते. मराठी तिच्याशी बोलते ती फक्त मी, आणि रविवारी व्हिडिओ कॉलवर आजी. ती मला इंग्रजीत उत्तर देते तेव्हा फार एकटं वाटतं.

हे सगळं दादाला सांगितलं. सरकारकडे मागा म्हटलं, माझीही सही घ्या. तो म्हणाला, "तुझं मत कुठे आहे आता इथे?" ब्रिटिश पासपोर्ट घेतला तेव्हाच ते गेलं. वेल्श वाहिनीसाठी मी लायसन्स फी भरते, मतही देते. मराठीसाठी यातलं काहीच माझ्या हातात नाही, आणि हे मला दादाच्या बोलण्याहून जास्त लागतं.