शिपायाने वकील गाठायचा का? : एका प्रतिक्रियेला उत्तर

‘निवृत्त फौजी’ या नावाने आलेली प्रतिक्रिया दोनतीनदा वाचली. ज्यांनी वाचली नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. ‘वरिष्ठांचा हुकूम होता’ हा बचाव युद्धगुन्ह्यांच्या खटल्यात का चालत नाही, यावर मी लिहिलं होतं. त्यावर तुमचं म्हणणं असं, की खुर्चीत बसून शिपायाला दोषी ठरवणं सोपं आहे. गोळी झाडण्याआधी त्याने वकील गाठायचा का? नाही म्हणाला तर त्यालाच गोळी. आणि हा नियम तरी कुणी केला? जिंकलेल्यांनी, १९४५ साली, हरलेल्यांसाठी.

शेवटच्या मुद्द्यापासून सुरुवात करतो, कारण तिथे तुमचं बरंचसं बरोबर आहे. ब्रिटनच्या १९१४ च्या लष्करी कायद्याच्या पुस्तकात चक्क असं होतं, की सरकारच्या किंवा सेनापतीच्या हुकमाने नियम मोडणारा सैनिक युद्धगुन्हेगार ठरत नाही. हे वाक्य बदललं एप्रिल १९४४ मध्ये. अमेरिकेनेही आपलं पुस्तक त्याच वर्षी नोव्हेंबरात सुधारलं. म्हणजे युद्धाचा निकाल दिसू लागल्यावर. मूळ लेखात हे यायला हवं होतं, मी ते गाळलं.

पण ज्यांच्यावर हा नियम ‘लादला’ असं तुम्ही म्हणता, त्या जर्मनीच्या १८७२ च्या लष्करी दंडसंहितेचं कलम ४७ पाहा. हुकूम गुन्हा करण्याचा आहे हे ठाऊक असूनही तो पाळणारा कनिष्ठ शिक्षेस पात्र, असं ते सांगतं. न्यूरेंबर्गच्या खटल्यात हिटलरचे सेनानी कायटेल आणि योडल ‘हुकूम होता’ म्हणाले, तेव्हा त्यांच्या स्वतःच्या सैन्यात हा नियम सत्तरेक वर्षं जुना होता.

आता वकिलाचा मुद्दा. १९२१ साली लाइपझिगला जर्मनीच्याच सर्वोच्च न्यायालयाने जर्मन पाणबुड्यांवरच्या अधिकाऱ्यांचे दोन खटले चालवले. दोन्ही इस्पितळ-जहाजं बुडवल्याचे, दोन्हींत बचाव हुकमाचा. पहिला कार्ल नॉयमान. ‘डोव्हर कासल’ बुडवायला त्याला नौदल मुख्यालयाचा हुकूम होता, आणि शत्रू इस्पितळ-जहाजं लष्करी कामाला वापरतो असं वरून कळवलेलं होतं. त्याने विश्वास ठेवला. न्यायालयाने त्याला सोडलं.

दुसरं जहाज ‘लँडोव्हरी कासल’, २७ जून १९१८. पाणबुडीचा कप्तान पाट्झिग याने ते बुडवलं, आणि मग पाण्यावर तरंगणाऱ्या जीवरक्षक होड्यांवर तोफ डागली. होड्यांतून बोलणारं कुणी उरू नये म्हणून. बाकीच्या खलाशांना खाली पाठवलं होतं. वर होते तो, दोन लेफ्टनंट आणि एक तोफची. नंतर पाट्झिगने नकाशावर पाणबुडीचा मार्ग खोटा दाखवला आणि खलाशांकडून गप्प राहण्याचं वचन घेतलं. २३४ माणसं मेली, एकाच होडीतली २४ वाचली. पाट्झिग न्यायालयापुढे आलाच नाही. डिटमार आणि बोल्ड्ट हे दोन लेफ्टनंट आले, ‘कप्तानाचा हुकूम’ म्हणाले, आणि त्यांना चार-चार वर्षांची शिक्षा झाली. (ती त्यांनी पुरी भोगली नाही, पण तो वेगळा विषय.)

न्यायालयाचा मुद्दा साधा होता : बुडत्यांच्या होडीवर तोफ डागणं गुन्हा आहे, हे कळायला कायद्याचं शिक्षण लागत नाही. मी म्हणतो, तो खोटा नकाशाच बघा. कळत नव्हतं तर लपवलं कशाला?

१९९८ च्या रोम संविधीचं (आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालय ज्या कराराने आलं, त्याचं) कलम ३३ हीच रेघ ओढतं, आणि तुम्हाला वाटतं तितकं ते निर्दय नाही. हुकूम पाळणं कायद्याने बंधनकारक होतं, तो बेकायदा आहे हे ठाऊक नव्हतं, आणि तो उघडउघड बेकायदा नव्हता, या तिन्ही गोष्टी असतील तर युद्धगुन्ह्याच्या आरोपातही सैनिक सुटू शकतो. वंशसंहार आणि मानवतेविरुद्धचे गुन्हे यांचे हुकूम मात्र उघडउघड बेकायदाच धरले जातात. नॉयमानसारख्याला तिथे वाट आहे, डिटमारला नाही. अमुक पूल लष्करी लक्ष्य होतं का, असल्या प्रश्नावर कुणी शिपायाची परीक्षा घेत नाही.

राहिला तुमचा सगळ्यात जड मुद्दा : नाही म्हणणाऱ्यालाच गोळी. इथे मी चुकलो. एर्देमोविचचं उदाहरण मी ‘हुकमाचा बचाव फेटाळला’ म्हणून दिलं होतं. ते तसं नव्हतं. बोस्नियातल्या सर्ब सैन्यातला तेवीस वर्षांचा हा पोरगा, १६ जुलै १९९५, स्रेब्रेनित्साचे मुस्लिम कैदी मारले गेले ते ब्रान्येवो शेत. बस यायची, दहा-दहा जण उतरवायचे, पाठमोरे उभे करायचे. तो म्हणाला, मला जमणार नाही. उत्तर मिळालं, एवढी दया येत असेल तर तूही त्यांच्यात उभा राहा. त्याने गोळ्या झाडल्या. स्वतःच्याच अंदाजाने ७० च्या आसपास माणसं मारली. हे सगळं त्यानेच सांगितलं, म्हणून खटला उभा राहिला.

हा हुकमाचा बचाव नाही, जिवाच्या धमकीचा आहे, आणि कायदा या दोन गोष्टी वेगळ्या धरतो. मी त्यांची गल्लत केली. १९९७ मध्ये हेगच्या, युगोस्लाव्हियातल्या युद्धगुन्ह्यांसाठीच्या न्यायालयातल्या अपील न्यायाधीशांचंही यावर एकमत झालं नाही. तिघे म्हणाले, निरपराधांना मारलं असेल तर धमकी हा पूर्ण बचाव होऊ शकत नाही, फार तर शिक्षा कमी होईल. दोघे म्हणाले, होऊ शकतो. त्या दोघांतले कासेसे यांचा युक्तिवाद मला पटतो : याने नकार देऊन एकही कैदी वाचणार नसेल, फक्त हा मरणार असेल, तर कायद्याने त्याच्याकडे मरणाची मागणी करू नये. आधीची दहा वर्षांची शिक्षा शेवटी पाच वर्षांवर आली. रोम संविधीनेही धमकीचा बचाव वेगळ्या कलमात ठेवला आहे, आणि खुनासाठी तो सरसकट बंद केलेला नाही.

तरी एक गोष्ट टोचत राहते. त्याच दिवशी दुपारनंतर पिलित्सा गावच्या सभागृहात कोंडलेल्या आणखी सुमारे ५०० जणांना मारायला सांगितलं, तेव्हा एर्देमोविच नाही म्हणाला. काही साथीदारही त्याच्या बाजूने उभे राहिले. ते काम दुसऱ्यांनी केलं, पण नकारासाठी तिथे त्याला कुणी गोळी घातली नाही. सकाळची धमकी खोटी होती असं यावरून मी म्हणणार नाही. सकाळी तो एकटा होता, दुपारी नव्हता. पण ‘नाही म्हणणाऱ्याला गोळी’ हे प्रत्येक खटल्यात गृहीत धरून चालत नाही. जुलै १९४२ मध्ये पोलंडमधल्या युझेफुफला जर्मन मेजर ट्रापने आपल्या राखीव पोलिसांना आधीच सांगितलं होतं, ज्यांना जमणार नाही त्यांनी बाजूला व्हावं. सुमारे ५०० जणांतले डझनभर बाहेर आले. त्यांना काही झालं नाही. उरलेल्यांनी दिवसभर ज्यू बायकापोरं मारली.

एर्देमोविचवरचा परिच्छेद आज दुरुस्त करतोय, तुमच्या प्रतिक्रियेचा उल्लेख करून. आणि तुम्ही नोकरीत होतात म्हणून एक विचारतो. कुठला हुकूम पाळायचा नाही, हे प्रशिक्षणात कधी कुणी सांगितलं होतं का, आणि सांगितलं असेल तर वर्गात की कवायतीच्या मैदानावर? सवडीने लिहा.