कोजी कोंडो : एका चालीपुरते?

नमस्कार. निन्तेन्दो या जपानी व्हिडिओ गेम कंपनीचे संगीतकार कोजी कोंडो यांच्यावरच्या माझ्या लेखाखाली तुम्ही लिहिलंत, "निन्तेन्दोत पगारी नोकरी केली, टिंगटिंग आवाजात एक चाल बांधली, ती गाजली. यात संगीतकार म्हणून डोक्यावर घेण्यासारखं काय?" प्रश्न रोखठोक आहे, म्हणून सविस्तर लिहितो.

आधी ते टिंगटिंग. १९८५ च्या 'सुपर मारिओ ब्रदर्स' या गेमसाठी कोंडोंच्या हाताशी होते यंत्रातून निघणारे दोन चौरस आकाराच्या ध्वनिलहरींचे आवाज, एक त्रिकोणी लहरीचा आणि ठेक्यासाठी एक खरखर. प्रत्येकातून एका वेळी एकच सूर. त्यात मारिओने, म्हणजे खेळाच्या नायकाने, उडी मारली की उडीचा आवाज यातलीच एक जागा क्षणभर बळकावतो आणि संगीतातला एक पदर गळतो. तरी चाल मोडल्यासारखी वाटत नाही. आधी केलेली चाल त्यांनी चक्क टाकून दिली होती, कारण मारिओच्या धावण्या-उड्यांशी तिची लय जुळेना. मग आज आपण गुणगुणतो ती आली. पाण्याखाली गेलात की तीन-तीन मात्रांचा वॉल्ट्झ हा पाश्चात्य नृत्यताल, खेळातलं उलटं धावणारं घड्याळ १०० च्या खाली आलं की तीच चाल धापा टाकत पळते. नव्वदच्या दशकात टीव्हीला व्हिडिओ गेम जोडून खेळलेल्या कुणालाही विचारा, त्या क्षणी बोटं आपोआप घाई करायची.

माझा मुद्दा इथेच आहे. त्यांचं संगीत खेळणाऱ्याच्या हाताला उत्तर देतं, ते नुसतं ऐकून तोलता येत नाही. १९९० च्या 'सुपर मारिओ वर्ल्ड'मध्ये योशी या डायनोसॉरच्या पाठीवर बसा, त्याच चालीत तालवाद्यं मिसळतात, उतरा, थांबतात. निन्तेन्दोच्याच 'झेल्डा' या साहसी गेममालिकेतल्या १९९८ च्या 'ऑकारिना ऑफ टाइम'मध्ये हायरूल या काल्पनिक राज्याच्या माळासाठी त्यांनी सलग चाल न बांधता छोटे छोटे तुकडे रचले. ते दर वेळी वेगळ्या क्रमाने येतात, शत्रू जवळ आला की सूर बदलतात, उभे राहिलात की शांत होतात. कुठलाही तुकडा कुठल्याही तुकड्यानंतर शोभला पाहिजे, ही अट घालून रचना करून बघा. मला तरी हे त्यांचं सगळ्यात अवघड काम वाटतं.

नोकरीचं म्हणाल, तर ती त्यांनी १९८४ पासून केली, खरंच. पण पहिल्या 'झेल्डा'च्या सुरुवातीला फ्रेंच संगीतकार राव्हेलची 'बोलेरो' ही रचना वापरायचं ठरलं होतं, ऐनवेळी कळलं की तिचा स्वामित्वहक्क अजून संपलेला नाही, आणि कोंडोंनी रातोरात नवी धून उभी केली. ती आजही त्या मालिकेची ओळख आहे.

पुढे त्यांचा वाटा कमी झाला, हे मान्य. २००७ च्या 'सुपर मारिओ गॅलेक्सी'तलं बहुतेक संगीत माहितो योकोतांचं आहे, त्याचं श्रेय त्यांनाच द्यावं. पण 'एक चाल' हे शब्द मात्र मागे घ्या.