टाक्या बनवणाऱ्याची मुलगी

आमच्या घरच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर अधूनमधून एकच भांडण पेटतं. साताऱ्याचे काका म्हणतात, पत्रकार झाडून सगळे विकले गेलेत. पुण्याचा चुलतभाऊ विचारतो, मग तुमचा तो लाडका अँकर कुणाचा? एका गोष्टीवर मात्र दोघांचं जमतं: पत्रकार निःपक्ष हवा. मी पिट्सबर्गला असते, भांडण रंगतं तेव्हा इकडे मध्यरात्र, त्यामुळे बहुतेकदा गप्प. या वेळी राहवलं नाही, कारण नुकतीच टायटसविलला जाऊन आले होते.

टायटसविल इथून गाडीने दोनेक तास. १८५९ मध्ये ड्रेकची तेलविहीर तिथे लागली आणि त्याच पट्ट्यात पत्रकार आयडा टार्बेल वाढली. तिचे वडील तेल साठवायच्या लाकडी टाक्या बनवत, पुढे स्वतः तेलाच्या धंद्यात उतरले. १८७२ मध्ये रेल्वे कंपन्यांनी क्लीव्हलंडचा तेल-व्यापारी जॉन रॉकफेलरच्या गटाशी गुपचूप करार केला. गटाला मालभाड्यात सूट, शिवाय इतरांनी भरलेल्या भाड्यातूनही वाटा. म्हणजे पिंप तुमचं, भाडं तुमचं, कमाई त्यांची! बोभाटा झाला आणि करार मोडला, पण तेवढ्यात क्लीव्हलंडच्या बहुतेक रिफायनऱ्या रॉकफेलरच्या घशात गेल्या होत्या.

तीस वर्षांनी, नोव्हेंबर १९०२ पासून, 'मॅक्ल्युअर्स' मासिकात रॉकफेलरच्या स्टँडर्ड ऑइल कंपनीवरची टार्बेलची लेखमाला आली. काकांच्या कसोटीला ती पहिल्याच दिवशी नापास. वडील पोळलेले, भाऊ प्रतिस्पर्धी तेल कंपनीत. पण तिने कोर्टातल्या साक्षी, सरकारी चौकश्यांचे अहवाल, जुनी वर्तमानपत्रं उपसली. कंपनीच्याच हेन्री रॉजर्सला भेटून त्याची बाजू ऐकत राहिली. एक अख्खं प्रकरण तर कंपनीच्या खऱ्या कर्तबगारीवर लिहिलं. राग होताच, पण वाचकापुढे आला तो पुरावा. १९११ मध्ये सुप्रीम कोर्टाच्या निकालाने कंपनीचे ३४ तुकडे झाले. ते एकट्या तिच्यामुळे नव्हे, तरी हवा तिने तापवली होती.

देव्हाऱ्यात बसवावी अशीही ती नाही. १९०५ मध्ये तिने रॉकफेलरचं जे शब्दचित्र लिहिलं, त्यात आजाराने केस गेलेल्या त्या माणसाचा चेहराही सोडला नाही. आणि बायकांच्या मतदानाच्या चळवळीला तिचा विरोध. मला हे अजून पचत नाही.

कागद किती महत्त्वाचा, हे आपल्याकडे टिळक-आगरकरांनी भोगलंय. कोल्हापूरचे दिवाण महाराजांचा छळ करतात, असं त्यांनी छापलं. हेतू स्वच्छ होता, पण ज्यांच्यावर भिस्त ठेवली ती पत्रं बनावट निघाली आणि १८८२ मध्ये दोघे १०१ दिवस डोंगरीच्या तुरुंगात.

म्हणून ग्रुपवर लिहिलं: काका, पत्रकार कुणाचा ते सोडा, त्याच्याकडे कागद काय आहेत ते विचारा. आणि ते शोधायला त्याला वेळ कोण देतं, तेही. टार्बेलला पहिला हप्ता छापायच्या आधी महिनोन्‌महिने नुसतं खणायला मिळालं, कारण मासिक लाखो घरांत जात होतं, आणि ते लोक विकत घेत होते.

काकांनी अंगठा टाकला. दुसऱ्या दिवशी सकाळी सातला, नेहमीसारखी, त्यांनी पेपरची फुकटातली पीडीएफ फॉरवर्ड केली.

मीही नेहमीसारखी उघडली.